दोन कथांमधलं अंतर
एकाच कथेची दोन रूपं किती लांब गेली, हे मोजायला ‘फाटा’ हे काल्पनिक एकक धरू: ज्या बदलाने पुढची घटना बदलते, तो एक फाटा. नुसती अक्षरं मोजून भागत नाही. भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत गणपती लेखनिक झाल्याचा प्रसंग परिशिष्टात गेला. कुरुक्षेत्रावर मात्र काडीचा फरक पडला नाही. अंतर शून्य. (भाविकांना हे शून्य रुचणार नाही, ते वेगळं.) उलट विमलसूरीच्या जैन रामायणात रावणाला लक्ष्मण मारतो. बदललं एक नाव, पण त्यापायी लक्ष्मण नरकात जातो आणि राम मोक्षाला. कोणी म्हणेल, फाटे वाचकच ठरवणार, मग हे मोजमाप कसलं? आक्षेप रास्त आहे. पण फाट्यापुढची बदललेली घटना दाखवायची अट घातली, की वाद निदान त्या घटनेवर घालता येतो.