आधी उपासमार, मग चौकशी!

शासकीय कर्मचाऱ्याची विभागीय चौकशी लागली की सरकारी कागदावर त्याचे नाव बदलते. तो 'अपचारी' होतो. साक्षीदार तपासायचे असतात, बचाव ऐकायचा असतो, पण शासनाच्या मराठीने निकाल आधीच लावून टाकलेला असतो. खुनाच्या खटल्यातला माणूससुद्धा शिक्षा होईपर्यंत आरोपीच राहतो. आमच्या शिपायाला, तलाठ्याला, ग्रामसेवकाला मात्र ही सवलत नाही!

राखीव जागेवर लागलेल्या पहिल्या पिढीची नोकरी एकट्याची नसते. गावाकडचे आईवडील, धाकट्या बहिणीचे शिक्षण, सोसायटीचे कर्ज, सारे त्या एका पगारावर चालते. म्हणून बडतर्फीचा प्रश्न आम्ही केवळ युनियनचा प्रश्न मानत नाही. तो समाजाचा प्रश्न आहे.

घटनेचे कलम 311 सांगते की नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याला कर्मचाऱ्याला काढता येणार नाही आणि आरोप कळवून, बाजू मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय शिक्षा करता येणार नाही. ही वाजवी संधी म्हणजे काय, हे सर्वोच्च न्यायालयाने 1957 साली खेमचंद खटल्यात उलगडून सांगितले. आरोप नाकारण्याची संधी, साक्षीदारांची उलटतपासणी घेऊन बचाव करण्याची संधी, आणि शेवटी ठरलेल्या शिक्षेविरुद्ध बोलण्याची संधी. यातली तिसरी संधी 1976 च्या 42 व्या घटनादुरुस्तीने काढून घेतली. ती आणीबाणी होती, विचारणार कोण? पुढे 1990 साली रमझान खान आणि 1993 साली करुणाकर खटल्यात न्यायालयाने एवढे तरी पदरात टाकले की चौकशी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला आधी द्यावी आणि त्याचे म्हणणे ऐकूनच पुढे जावे.

कायदा इतका चांगला असताना माणूस मरतो कुठे? तो मरतो निलंबनात.

निलंबित कर्मचाऱ्याला पहिले तीन महिने साधारण निम्म्या पगाराइतका निर्वाह भत्ता मिळतो. चौकशी लांबली आणि त्यात त्याचा दोष नसेल तर तो पाऊणपर्यंत वाढवता येतो. मात्र हा भत्ता मंजूर करायचा कोणी? ज्यांनी निलंबित केले त्यांनीच. मुख्यालय दुसऱ्या तालुक्याला द्यायचे आणि भत्त्याचे बिल अडकवून ठेवायचे, की माणूस चौकशीआधीच गुडघ्यावर येतो.

ही आमची कल्पना नव्हे. मध्य प्रदेशातला एक वनक्षेत्रपाल रीव्याला राहात होता, चौकशी शेकडो किलोमीटरवर जगदलपूरला. भत्ता न मिळाल्याने तो जाऊ शकला नाही आणि त्याच्या पाठीमागे चौकशी उरकली गेली. 1973 साली सर्वोच्च न्यायालयाने ती बडतर्फी रद्द केली. कोलारच्या सोन्याच्या खाणीतले सुरक्षा अधिकारी पॉल अँथनी यांची कथा तर आणखी बोलकी आहे. जून 1985 मध्ये घरी सोने सापडल्याच्या आरोपावरून निलंबन झाले. ते आजारी, केरळात, आणि हातात निर्वाह भत्ता नाही. एकतर्फी चौकशी होऊन 1986 मध्ये नोकरी गेली. 1987 मध्ये फौजदारी न्यायालयाने त्याच छाप्याच्या प्रकरणात त्यांना निर्दोष सोडले, तरी हक्क मिळायला 1999 उजाडले. चौदा वर्षे! दिल्लीपर्यंत लढण्याची ऐपत आणि चिकाटी असलेल्या माणसाची ही गत. आमच्या सफाई कामगाराने काय करावे?

2015 साली अजय कुमार चौधरी खटल्यात न्यायालयाने सांगितले की दोषारोपपत्र न देता निलंबन तीन महिन्यांपुढे रेटता येणार नाही. हा निकाल प्रत्येक निलंबित बांधवाच्या खिशात असायला हवा.

आमच्यावर एक आक्षेप नेहमी येतो, तुम्ही भ्रष्टांना पाठीशी घालता. मुळीच नाही. रंगेहाथ लाच घेणाऱ्यासाठी आम्ही रदबदली करणार नाही, मग तो कार्यालयात बाबासाहेबांचा फोटो लावून बसलेला का असेना. प्रश्न वेगळा आहे. उशिरा येणारे पाच असतात तेव्हा नोटीस कोणाला निघते? तीच चूक एकाला 'ठपका' देते आणि दुसऱ्याला 'बडतर्फी', ते कशावरून? महाराष्ट्राच्या 1979 च्या शिस्त व अपील नियमांत सौम्य व कठोर शिक्षांची पायरीपायरीने यादी आहे. कोणत्या पायरीवर कोणाला उभे करायचे ते साहेबाच्या मर्जीवर, आणि मर्जीला जात असते.

आणि ज्यांना हे नियमच लागू नाहीत त्यांचे काय? ठेकेदाराकडून लावलेल्या झाडूवाल्याला, डेटा ऑपरेटरला ना दोषारोपपत्र, ना चौकशी अधिकारी. मुकादम संध्याकाळी सांगतो, "उद्यापासून येऊ नकोस." कायम पदे ठेक्यावर गेली तेव्हा राखीव जागा गेल्या हे आम्ही ओरडून सांगितले. कलम 311 चे छत्रही त्यासोबतच उडाले, याची चर्चा मात्र आपल्या बैठकांतून फारशी होत नाही.

चौकशीत दुसऱ्या शासकीय कर्मचाऱ्याला बचाव सहायक म्हणून सोबत घेण्याचा हक्क नियमांनी दिला आहे. वकील सहसा मिळत नाही, म्हणून हा माणूस महत्त्वाचा. आपल्या कर्मचारी संघटना जयंतीच्या मिरवणुकीला वर्गणी जमा करतात, त्याबद्दल आनंदच आहे. प्रत्येक जिल्ह्यात नियम पाठ असलेले, उलटतपासणी घेता येणारे पाच बचाव सहायक त्यांनी तयार केले आहेत का, एवढे आम्हाला येत्या अधिवेशनात विचारायचे आहे.