कण्हेर आणि तिची भावकी

देवळाच्या आवारात, शाळेच्या कुंपणाला, घराच्या परसात पिवळी कण्हेर आपण सर्वांनी पाहिली आहे. पाने लांब, अरुंद, चकचकीत. फुले पिवळीधमक, घंटेसारखी. बारा महिने झाड हिरवेगार. शंकराला ही फुले वाहतात. हिच्या फळात कठीण कवचाची बी असते. तिला बिट्टी म्हणतात. मुले बिट्ट्यांनी खेळतात. आम्ही शाळेवर होतो तेव्हा पोरांच्या खिशातून मूठमूठ बिट्ट्या काढून घेत असू. पोरे रुसत. पण आम्ही तसे का करीत होतो, ते ऐका.

गुरे या झाडाला सहसा तोंड लावीत नाहीत. म्हणून तर लोक हिचे कुंपण करतात. मुक्या जनावराला जे कळते, ते आपणही समजून घ्यावे. ही कण्हेर विषारी आहे. मूळ, साल, पान, फूल, चीक, सगळ्यांत विष आहे. बीमध्ये तर फारच. हे विष हृदयावर चालते. ओकाऱ्या होतात, नाडी मंद पडते, ठोके चुकतात आणि माणूस दगावतो. लाल व पांढरी कण्हेरही तशीच. पाला वाळला तरी विष जात नाही. कडब्यात वाळका पाला मिसळला, तर जनावराला ओळखता येत नाही. म्हणून छाटलेल्या फांद्या गोठ्याजवळ टाकू नयेत.

आता हिची भावकी पाहू. तगर, पांढरा चाफा, सप्तपर्णी, कुडा, रुई, सदाफुली ही सारी एकाच कुळातली. यांतल्या बहुतेकांचे पान तोडले की पांढरा चीक येतो. आपली डोंगरची मैना, म्हणजे करवंद, तीही यांच्यातलीच! कच्चे करवंद तोडले की चीक बोटांना चिकटतो, तो आठवा.

एका घरची माणसे, पण स्वभाव निराळे. करवंद आपण मिटक्या मारीत खातो. सर्पगंधाही याच कुळातली. तिच्या मुळीने रक्तदाब उतरतो, हे मुंबईच्या डॉक्टर रुस्तम जाल वकील यांनी १९४९ साली लेख लिहून जगापुढे मांडले. सदाफुलीपासून काढलेले औषध लहान मुलांच्या रक्ताच्या कॅन्सरवर देतात.

मग सदाफुलीची पाने घरीच खावीत का? मुळीच नाही. कोणी सांगते, साखरेच्या आजारावर रोज चार पाने चावा. ऐकू नका. कारखान्यात औषध शुद्ध करतात, डॉक्टर ते मोजून देतात. पानात किती औषध आणि किती विष, हे आपल्याला मोजता येत नाही.

झाड तोडायचे कारण नाही. फुले वाहा, मग हात धुवा. खाली पडलेली फळे गोळा करून पुरून टाका. मुलाने बी चावली असे कळले, तर घरगुती उपायात वेळ घालवू नका. १०८ नंबरला फोन करा, दवाखाना गाठा. बरोबर त्या झाडाची डहाळी न्या. काय खाल्ले ते डॉक्टरांना लगेच कळेल. आज घरी गेल्यावर मुलांना हे झाड दाखवा आणि नीट समजावून सांगा.