कल्पित सूर्ययंत्र आणि त्याचे वाङ्मयीन प्रयोजन

ललित वाङ्मयातील यंत्राकडे टीकाकार बहुधा दोनच दृष्टींनी पाहतात. यंत्र शास्त्राच्या कसोटीस उतरत असेल, तर लेखकाला द्रष्टा ठरवावयाचे. उतरत नसेल, तर त्या यंत्राची गणना परीकथेतील उडत्या गालिच्यात करावयाची. दोन्ही दृष्टींत परीक्षा होते ती यंत्राची, कलाकृतीची नव्हे. कथेतील यंत्र कोणाच्या हाती आहे, ते कोणत्या अडचणीतून निर्माण झाले आहे आणि त्याच्यामुळे कथेतील जगाची कोणती घडी विसकटते, हे खरे वाङ्मयविचाराचे प्रश्न होत. उन्हावर चालणाऱ्या कल्पित यंत्रांच्या बाबतीत ते विचारले असता काही लक्षणीय गोष्टी निदर्शनास येतात.

सिरानो द बेर्जराक (१६१९–१६५५) या फ्रेंच लेखकाच्या दोन अद्भुत प्रवासकथा त्याच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाल्या. चंद्रावरील राज्यांची १६५७ साली आणि सूर्यावरील राज्यांची १६६२ साली. दुसऱ्या कथेचा नायक दिर्कोना. हे नाव लेखकाच्याच नावातील अक्षरांची फिरवाफिरव करून बनविलेले आहे. चंद्रप्रवासाचे पुस्तक लिहिले म्हणून लोक त्याला चेटक्या ठरवितात आणि तुलूझ येथे तो एका बुरुजात बंदिवान होतो. तेथे तो सुमारे सहा फूट उंचीची एक घट्ट बंद पेटी तयार करतो. तिच्या माथ्यावर वीस पैलूंचे स्फटिकपात्र असते व प्रत्येक पैलू भिंगाचे काम करतो. एकवटलेल्या किरणांनी पात्रातील हवा विरळ होते. निसर्गाला पोकळी सहन होत नाही, म्हणून पेटीच्या तळाच्या छिद्रातून नवी हवा वेगाने वर चढते आणि तिच्या रेट्याने पेटी आकाशात उचलली जाते.

प्रत्यक्षात असे यंत्र उडणार नाही. तथापि तोरिचेल्लीची पाऱ्याची नळी १६४४ च्या सुमाराची आणि पास्कालच्या सूचनेवरून प्यूय द डोम पर्वतावर झालेला प्रयोग १६४८ चा, हे ध्यानात घेतले म्हणजे पोकळीचा वाद त्या काळी किती ताजा होता, हे कळते. कार्यकारणाची एकही कडी सिरानो गाळीत नाही. अशक्य असूनही संभवनीय वाटणाऱ्या गोष्टीला ॲरिस्टॉटलने काव्यात जे स्थान दिले, त्या स्थानी हे यंत्र सहज बसते. परंतु त्याचे मर्म संभवनीयतेपाशी संपत नाही. दिर्कोना बंदिवान आहे. घोडा, धन, सैन्य यांतले काहीही त्याच्या हाती नाही. बुरुजाच्या गच्चीवर येणारे ऊन मात्र पहारेकऱ्याला अडविता येत नाही. ज्या विचारासाठी त्याला कोंडले, तोच विचार त्या उन्हाच्या आधारे त्याला बाहेर काढतो.

अडीचशे वर्षांनंतर, सर्वस्वी निराळ्या समाजात, हीच रचना पुन्हा दिसते. बेगम रुकैया सखावत हुसेन (१८८०–१९३२) या बंगाली लेखिकेची ‘सुलतानाज ड्रीम’ ही इंग्रजी कथा १९०५ साली मद्रासच्या ‘इंडियन लेडीज मॅगझिन’मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यातील स्त्रीराज्यात स्त्रियांची दोन विद्यापीठे आहेत. एक ढगांतून पाणी मिळविते, दुसरे सूर्याची उष्णता साठविते. पुरुष लष्करी सामर्थ्य वाढविण्यात गुंतलेले असतात आणि या संशोधनाची थट्टा करतात. पुढे शत्रू चालून येतो आणि पुरुषांचे सैन्य हरते. तेव्हा विद्यापीठाची प्रमुख देशरक्षणाची तयारी दाखविते. मात्र पडद्याचा मान राहावा म्हणून पुरुषांनी आधी जनानखान्यात जावे, असे ती सांगते. ते आत जातात. स्त्रिया बाहेर पडून एकवटलेले सूर्यतेज शत्रूवर सोडतात. युद्ध संपते, पण पुरुष बाहेर येत नाहीत. जनान्याचा मर्दाना होतो.

येथे एक आक्षेप संभवतो. १८७८ च्या पॅरिस प्रदर्शनात ओग्युस्तँ मूशोने सूर्याच्या उष्णतेवर चालणारे यंत्र दाखविले होते आणि त्याच्या साहाय्याने बर्फही तयार केला होता. त्याच सुमारास मुंबईत कुलाब्याला विल्यम ॲडम्सने आरशांच्या रांगेने पाणी उकळवून वाफेचा पंप चालविला आणि १८७८ साली त्यावर ग्रंथ लिहिला. मग रुकैयांच्या कथेत नवे ते काय? नवे आहे ते यंत्राचे स्थान. ॲडम्सचा विचार होता इंधन वाचविण्याचा. रुकैयांच्या कथेत तीच उष्णता नळीवाटे स्वयंपाकघरात येते. तेथे कोळसा नाही, धूर नाही. जी रणांगणावर विजय मिळविते, तीच चुलीचे काम करते. स्त्रीच्या कोंडलेपणाची दोन कारणे, घरकामाचा भार आणि पुरुषाचे शस्त्रबळ, एकाच साधनाने निकालात निघतात. यंत्राच्या अंतर्रचनेचे वर्णन लेखिका जवळजवळ करीतच नाही. कथेला त्याची गरज नाही, कारण तिचा रोख यंत्रावर नसून घराच्या रचनेवर आहे.

जोनाथन स्विफ्टच्या ‘गलिव्हर्स ट्रॅव्हल्स’मधील (१७२६) प्रसंग याच्याशी ताडून पाहण्याजोगा आहे. लागाडोच्या विद्वत्सभेतील एक संशोधक आठ वर्षे काकडीतून सूर्यकिरण काढून बाटल्यांत भरण्याच्या खटपटीत आहे, आणि पाहुणा येताच तो काकड्या महागल्याची तक्रार करून पैसे मागतो. बाहेर ऊन फुकट पडलेले असता येथे ते बाटलीबंद करावयाचे आहे, आणि तेही अनुदानावर. कल्पना सिरानोइतकीच विलक्षण. पण हा संशोधक कोंडलेला नाही, आश्रित आहे. म्हणून तेथे मुक्तीऐवजी उपहास निर्माण होतो. विद्वत्सभांच्या पत्रिका वाचणाऱ्यांनी हा प्रसंग अधूनमधून आठवावा, हे बरे.

या उदाहरणांवरून दिसते ते असे की, कल्पित सूर्ययंत्राचा अर्थ ऊर्जेच्या स्वरूपाइतकाच तिच्या मालकीवर अवलंबून असतो. कोळशाला खाण लागते, खाणीला मालक लागतो. ऊन मात्र तुरुंगाच्या गच्चीवर आणि जनानखान्याच्या अंगणात सारखेच उतरते. म्हणूनच बंदिवानाला आणि पडद्यातील स्त्रीला ते सुचले. आज घरोघरी छपरांवर सौरपट्ट्या बसत असताना सिरानोला किंवा रुकैयांना भविष्यवेत्ते म्हणून गौरविण्याचा मोह होणे स्वाभाविक आहे. पण त्या गौरवात त्यांचे मूळ गाऱ्हाणे बुजून जाते. सौरपट्ट्या आल्या, एवढ्याने रुकैयांची कथा खरी ठरत नाही. त्या उन्हाने घरातील कोणाची सुटका झाली, हे तिचे विचारणे अजून उभेच आहे, आणि टीकाकाराने कथेच्या मूल्यमापनाचा आरंभ तेथूनच केला पाहिजे.