वाढत्या मुलांतील व्हेरिकोसील



आजचा विषय घरात सहसा कोणी काढत नाही, म्हणूनच तो व्यासपीठावर काढावा लागतो. कोरीटसारख्या गावातला एखादा तरुण सैन्यभरतीला जातो. धावण्यात उत्तीर्ण होतो, आणि वैद्यकीय तपासणीत ‘व्हेरिकोसील’ या शब्दापाशी अडतो. तो शब्द त्याने तोवर ऐकलेलाही नसतो.

व्हेरिकोसील म्हणजे वृषणाकडून रक्त परत नेणाऱ्या शिरा फुगणे. हा अंतर्गळ नव्हे, अंडवृद्धीही नव्हे. शिरांतील झडपा नीट मिटल्या नाहीत, की रक्त उलट फिरून खाली साचते. डावीकडची शीर मूत्रपिंडाच्या शिरेला काटकोनात मिळते; म्हणून सुमारे ९० टक्के वेळा हा दोष डावीकडेच आढळतो. दहा वर्षांच्या आत तो क्वचित दिसतो; वयात आलेल्या शंभर मुलांत मात्र सुमारे पंधरांना असतो. साचलेल्या रक्ताच्या उष्णतेने वृषणाची वाढ खुंटू शकते आणि पुढे काहींना अपत्यप्राप्तीस अडचण येते. काहींनाच, बहुतेकांना मुले होतात.

बहुधा दुखत नाही, म्हणून मुलगा गप्प राहतो. निदान मात्र सोपे आहे. डॉक्टर मुलाला उभे करून श्वास रोखायला, जोर करायला सांगतात. हाताला गांडुळांच्या पुंजक्यासारखे लागते. आडवे झाल्यावर ते ओसरले पाहिजे. ओसरले नाही, किंवा दोष फक्त उजवीकडे असला, तर पोटाची सोनोग्राफी करावी. मग दोन्ही वृषणांचे आकारमान मोजायचे. त्यासाठी स्विस डॉक्टर प्रेडर यांनी १९६६ साली मण्यांची माळ सुचविली. आता सोनोग्राफीनेही मोजतात.

खरा निर्णय या मापावर ठरतो. दोन्ही बाजू सारख्या वाढत असतील आणि वेदना नसेल, तर शस्त्रक्रिया नको. वर्षातून एकदा तपासणी पुरे. फरक २० टक्क्यांहून अधिक असून पुन्हा मोजल्यावरही टिकला, दुखत राहिले, किंवा मोठेपणी वीर्यतपासणीत दोष दिसला, तर शस्त्रक्रियेचा विचार करतात. तीत फुगलेल्या शिरा बांधतात. सूक्ष्मदर्शकाखाली केल्यास रोहिणी व लसिकावाहिन्या वाचवता येतात आणि नंतर अंडकोषात पाणी साठण्याचा धोका कमी होतो. खुंटलेले वृषण त्यानंतर पुष्कळदा भरून येते. हा दोष औषधाने, लेपाने किंवा लंगोट आवळून जात नाही.

एक इशारा: वृषणात अचानक तीव्र कळ आली, तर ते व्हेरिकोसील समजू नये. वृषणाला पीळ पडलेला असू शकतो. काही तासांतच रुग्णालय गाठावे.

बापाने, मामाने किंवा शिक्षकाने मुलाला एवढेच सांगावे: ‘तिथे काही वेगळे वाटले, तर लाजू नकोस, सांग.’ भरतीच्या मैदानावर कळण्यापेक्षा ते घरी कळलेले बरे.