भातखाचरातील टाचणी

भातखाचराच्या बांधावर वाकून गवतात पाहिल्याखेरीज ‘ॲग्रिओक्नेमिस’ प्रजातीतील टाचण्या सहसा दृष्टीस पडत नाहीत. आफ्रिका, आशिया व ऑस्ट्रेलिया यांच्या उष्ण प्रदेशांत आढळणारी ही प्रजाती बेल्जियन कीटकशास्त्रज्ञ सेलिस यांनी १८७७ मध्ये स्थापिली. तिच्यातील ‘पिग्मिया’ ही जाती गंगेच्या मैदानात आढळते, तशी महाराष्ट्रातही. तिची एकूण लांबी सुमारे दोन सेंटिमीटर आणि मागचा पंख सुमारे एक सेंटिमीटर. चतुराशेजारी ती अगदीच किरकोळ दिसते. कोवळी मादी पुष्कळदा तांबडी असते व वयाबरोबर हिरवट होते. नवशिक्याला या दोन जाती वाटल्या, तर नवल नाही.

तिची डिंभावस्था पाण्यात जाते. शेपटाकडील पानासारखे तीन कल्ले श्वसनास साहाय्य करतात, तर एरवी घडी करून ठेवलेला खालचा ओठ झटक्यासरशी पुढे येऊन भक्ष्य पकडतो. प्रौढ टाचणी भातावरील तुडतुडे खाते. कीटकनाशकाच्या फवाऱ्याने मात्र तुडतुड्यांबरोबर त्यांचे शत्रूही मरतात. भाताच्या खोडात सुरक्षित राहिलेल्या अंड्यांतून तुडतुड्यांची नवी पिढी बाहेर येते, तेव्हा तिला खाणारे फारसे कोणी उरलेले नसते.