करवल्यांचा मेळा : अनोळखी सख्यांची ओळख कशी घडते

ख्रिस्ती पद्धतीच्या विवाहात वधूच्या मागेपुढे चालणाऱ्या, बहुधा एकाच रंगाचा वेश केलेल्या तरुणींना ब्राइड्समेड म्हणतात. मराठी लग्नातील करवलीशी त्यांची तुलना सहज केली जाते; मात्र नारळ ठेवलेला करा हाती घेऊन उभी राहणारी करवली नात्याने ठरते, ती सख्खी, चुलत किंवा मावस बहीण असते, आणि म्हणूनच एका घरच्या करवल्या लहानपणापासून एकमेकींना ओळखत असतात. ब्राइड्समेडची निवड वधू आपल्या मर्जीने करते. तिच्या मेळ्यात शाळेतील मैत्रीण, वसतिगृहातील सोबतीण, कार्यालयातील सहकारी, मामेबहीण आणि भावी नणंद अशा पाच जणी असतील, तर त्या पाचही जणींचा वधूशी घरोबा असतो, परंतु आपापसांत त्यांनी एकमेकींचे तोंडही पाहिलेले नसते. बैलगाडीच्या चाकातील आऱ्या तुंब्यात घट्ट बसवलेल्या असाव्यात, पण त्यांना बाहेरून बांधणारी धाव अजून चढलेली नसावी, तशी या मेळ्याची अवस्था असते.

निवडीतून आलेले परकेपण

ही अडचण तशी अलीकडची आहे. इंग्लंडची राणी व्हिक्टोरिया हिचा विवाह 10 फेब्रुवारी 1840 रोजी झाला, तेव्हा तिच्या वस्त्राचा घोळ धरण्यासाठी 12 तरुणी होत्या, आणि त्या सरदार घराण्यांतील, म्हणजे एकाच मर्यादित वर्तुळात वावरणाऱ्या मुली होत्या. शिक्षणासाठी आणि नोकरीसाठी गाव सुटू लागले, आयुष्याच्या प्रत्येक टप्प्यावर नवे सोबती मिळू लागले, तसतसे हे वर्तुळ फुटले आणि लग्नाच्या निमित्ताने ते सगळे टप्पे एकाच खोलीत समोरासमोर येऊ लागले.

त्यातच या सख्यांवर कामाचा भार मोठा असतो. अमेरिकेत लग्नापूर्वी वधूला भेटवस्तू देण्याचा ब्रायडल शॉवर नावाचा समारंभ, तर ब्रिटनमध्ये केवळ मैत्रिणींसह साजरी होणारी हेन पार्टी, यांची व्यवस्था बहुधा त्यांनीच करायची असते. त्यांची प्रमुख अविवाहित असल्यास तिला मेड ऑफ ऑनर आणि विवाहित असल्यास मेट्रन ऑफ ऑनर म्हणतात. अमेरिकेत आपल्या वेशाचा खर्चही सामान्यतः प्रत्येकीने स्वतः करायचा असल्यामुळे, कमाईत तफावत असलेल्या अनोळखी स्त्रियांना पहिल्याच भेटीत पैशांविषयी बोलावे लागते, जे जुन्या मैत्रिणींनाही अवघड जाते. 2011 साली प्रदर्शित झालेला ‘ब्राइड्समेड्स’ हा अमेरिकी चित्रपट याच ताणावर उभा आहे. वधूची बालमैत्रीण आणि तिची नवी श्रीमंत मैत्रीण यांच्यातील चढाओढ हा त्याचा कणा आहे.

नुसती पंगत पुरत नाही

अनोळखी माणसांना एका पंगतीला बसवले की ओळख आपोआप होते, हा समज सामाजिक मानसशास्त्राने फार पूर्वी खोटा ठरवला आहे. मुझफर शेरीफ यांनी 1954 साली अमेरिकेतील ओक्लाहोमा राज्यात शिबिरासाठी आलेल्या 22 मुलांचे दोन गट पाडून एक प्रयोग केला. स्पर्धेमुळे गटांत वैर निर्माण झाल्यावर त्यांना एकत्र जेवायला बसवले, तर मुलांनी एकमेकांवर अन्न फेकले; मात्र शिबिराचा पाणीपुरवठा बंद पडला आणि बिघाड शोधण्यासाठी दोन्ही गटांना मिळून राबावे लागले, तेव्हापासून, आणि अशी आणखी काही कामे पार पडल्यावर, वैर ओसरू लागले. एकट्याला न झेपणारे सामायिक काम हा शेरीफ यांच्या निष्कर्षाचा गाभा होय.

आर्थर ॲरन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1997 साली प्रसिद्ध केलेल्या संशोधनात याच प्रश्नाला दुसऱ्या बाजूने हात घातला. अनोळखी व्यक्तींच्या जोड्या लावून त्यांना 36 प्रश्न देण्यात आले. तीन भागांत विभागलेले हे प्रश्न क्रमाक्रमाने अधिक खासगी होत जातात, आणि दोघांनीही प्रत्येक प्रश्नाचे उत्तर द्यायचे असते. केवळ गप्पा मारणाऱ्या जोड्यांपेक्षा या जोड्यांना अधिक जवळीक वाटली. मन उघडायचे ते थोडे थोडे आणि दोन्हीकडून, असा याचा अर्थ. जेफ्री हॉल यांच्या 2018 मधील अभ्यासानुसार साध्या मैत्रीला सुमारे 50 तासांचा, तर घनिष्ठ मैत्रीला 200 हून अधिक तासांचा सहवास लागतो. एका संध्याकाळच्या मेजवानीकडून फार अपेक्षा का ठेवू नये, हे त्यावरून उमजते.

मंगळागौरीचे शहाणपण

महाराष्ट्रातील स्त्रियांच्या आचारांत हे तत्त्व पूर्वीपासून रुजलेले दिसते. श्रावणातील मंगळवारी पूजल्या जाणाऱ्या मंगळागौरीला लग्नानंतरची पहिली पाच वर्षे नववधू बसतात. पूजेसाठी बोलावलेल्या या मुलींना वशेळ्या म्हणतात. सासरच्या गावात नव्याने आलेली मुलगी तिथे आपल्यासारख्याच इतर नवख्या मुलींमध्ये येऊन बसते. पत्री, फुले आणि पूजेची मांडणी यांत हात गुंतलेले असतात. पुढे उखाण्यातून प्रत्येकीला यमकाच्या आडोशाने पतीचे नाव घ्यावे लागते, म्हणजे खासगी गोष्ट थोडीशीच आणि सर्वांसमोर उघड करावी लागते. आणि मग रात्रीच्या जागरणात झिम्मा, पिंगा, फुगडी यांचे फेर सुरू होतात. फुगडीत दोघी हातांची अढी घालून मागे झुकतात, तेव्हा समोरचीची पकड हाच एकमेव आधार असतो. तिथे परकेपणाला वावच राहत नाही.

गोव्यातील ख्रिस्ती विवाहात धेडी म्हणून ओळखली जाणारी वधूची सखी असते, आणि लग्नाआधी नारळाच्या रसाने वधूला न्हाऊ घालण्याचा रोस तसेच हिरव्या चुड्यांचा चुडो हे विधी होतात. यांत पाहुण्यांना प्रेक्षक म्हणून बसून राहता येत नाही. प्रत्येकाच्या वाट्याला हाताने करण्याजोगे काही येतेच.

व्यवहारात उतरवताना

या सर्वांवरून वधूला काही पथ्ये पाळता येतात. ओळख करून देताना ‘ही माझी कॉलेजची मैत्रीण’ एवढ्यावर न थांबता, त्या दोघींनाच जोडणारा एखादा धागा, मग तो गावाचा असो, छंदाचा असो की धाकट्या मुलांचा, सांगावा. सर्वांना एकदम बोलावण्याआधी दोघी-दोघींची भेट घडवावी, कारण मोठ्या घोळक्यात जुन्या मैत्रिणी आपसूक एकमेकींकडे वळतात आणि फक्त त्यांनाच कळणाऱ्या आठवणींनी नवख्या सख्या बाजूला पडतात. कामे वाटताना ओळखीच्या दोघींना एकत्र न ठेवता शाळेतील मैत्रिणीबरोबर नणंदेला जोडावे, आणि फुलांची निवड किंवा पाहुण्यांच्या मुक्कामाची सोय असे, दोघींच्या संमतीशिवाय पुरे न होणारे काम त्यांच्याकडे द्यावे. खर्चाची मर्यादा वधूने प्रत्येकीशी स्वतंत्रपणे बोलून आधीच ठरवावी, म्हणजे चारचौघींत कोणावर ओशाळण्याची वेळ येत नाही. एवढे करूनही त्या जिवलग होतीलच असे नाही, आणि तशी गरजही नसते. लग्नाच्या दिवशी वधूचा पदर सांभाळताना एकीने दुसरीला न सांगता हात दिला, तर तिथवरचे काम झाले. लोहार धाव लालबुंद तापवूनच चाकावर चढवतो, आणि निवताना आकसून ती साऱ्या आऱ्या आवळून धरते. लग्नघरातील धावपळ या मेळ्यासाठी नेमके तेच करते, मात्र तिचा चटका सर्वांच्या वाट्याला सारखा आला पाहिजे.