इलेक्ट्रॉनचा हिशेब: इलेक्ट्रोपॉलिमरायझेशनबद्दलचे सात गैरसमज

एका लहानशा चंचुपात्रात ॲसिटोनायट्राइल हा द्रव घ्या. त्यात थोडे पायरोल आणि एक क्षार विरघळवा, प्लॅटिनमच्या दोन पट्ट्या बुडवा आणि त्यांना विजेची जोडणी द्या. काही क्षणांतच धन टोकाला जोडलेली पट्टी काळवंडू लागते. तो मळ नसतो, पट्टी जळलेलीही नसते. पात्रात सुट्या असलेल्या पायरोलच्या रेणूंनी एकमेकांचे हात धरून लांब साखळ्या केलेल्या असतात आणि त्यांचा थर पट्टीवर बसत जातो. या क्रियेचे नाव इलेक्ट्रोपॉलिमरायझेशन, मराठीत विद्युत-बहुवारिकीकरण. सुटा रेणू म्हणजे एकवारिक किंवा मोनोमर आणि साखळी म्हणजे बहुवारिक किंवा पॉलिमर.

या शब्दाची अडचण अशी की तो फोडायला फार सोपा आहे. ‘इलेक्ट्रो’ म्हणजे विजेचे आणि ‘पॉलिमरायझेशन’ म्हणजे साखळी करणे, हे कळले की अर्थ हाती आला असे वाटते. गैरसमज तिथूनच सुरू होतात. इथे वीज नेमके काय करते हा खरा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर इलेक्ट्रॉनच्या हिशेबात आहे.

गैरसमज 1: विजेने द्रव तापतो आणि उष्णतेमुळे रेणू जोडले जातात.

वस्तुस्थिती: पायरोलचा हा प्रयोग साध्या खोलीच्या तापमानाला होतो. विजेकडे इथे चुलीचे काम नाही. धनाग्र, म्हणजे ॲनोड, पायरोलच्या रेणूकडून एक इलेक्ट्रॉन काढून घेतो. इलेक्ट्रॉन गमावलेला रेणू धनभारित होतो आणि अतिशय क्रियाशीलही होतो. असे दोन रेणू भेटले की त्यांच्यात बंध जुळतो आणि दोन हायड्रोजन आयन बाहेर पडतात. जोडी झालेल्या रेणूकडून इलेक्ट्रॉन काढणे तर आणखी सोपे असते, त्यामुळे साखळी पुढे वाढत राहते.

म्हणजे प्रत्येक बंधाची किंमत दोन इलेक्ट्रॉन. लांब साखळीत एका कडीमागे एक बंध असतो, म्हणून कडीमागेही दोनच. पण प्रत्यक्ष मोजमापात हा आकडा दोनपेक्षा थोडा जास्त येतो. तयार झालेली साखळी स्वतःही ऑक्सिडीकृत होते. साधारण तीन-चार कड्यांमागे एक इलेक्ट्रॉन आणखी जातो आणि तो धनभार सांभाळण्यासाठी द्रावणातले ऋण आयन थरात येऊन बसतात. त्यामुळे एका कडीमागे सुमारे सव्वादोन ते 2.33 इलेक्ट्रॉन खर्च होतात. सव्वादोनच्या हिशेबाने 1 मिलिॲम्पिअर प्रवाह 100 सेकंद सोडला, तर पायरोलच्या जास्तीत जास्त 30 मायक्रोग्रॅम कड्या जोडल्या जातील. यापेक्षा बराच कमी थर बसला, तर इलेक्ट्रॉन दुसरीकडे कुठेतरी खर्च झाले किंवा लहान साखळ्या द्रावणात निसटल्या असे समजावे. चुलीवरच्या रसायनात इतका चोख ताळा मिळत नाही.

गैरसमज 2: हे म्हणजे इलेक्ट्रोप्लेटिंगच, फक्त धातूऐवजी प्लास्टिकचे.

वस्तुस्थिती: वस्तू द्रावणात बुडवली, प्रवाह सोडला आणि तिच्यावर थर चढला, एवढेच दोन्हींत सारखे आहे. तांब्याचा मुलामा देताना द्रावणातला तांब्याचा आयन ऋणाग्रावर येतो, दोन इलेक्ट्रॉन घेतो आणि धातू होऊन बसतो. त्यात नवी साखळी घडत नाही. पायरोलच्या थरात मात्र कार्बन-कार्बन बंध नव्याने तयार होतात.

याहून मोठा घोळ मोटारीच्या रंगाबद्दल होतो. पुणे-चाकण पट्ट्यातल्या वाहन उद्योगात ‘सीईडी’ हा शब्द रोजच्या बोलण्यातला आहे. गाडीचा पत्र्याचा सांगाडा मोठ्या हौदात बुडवतात, त्याला ऋणाग्र करतात आणि त्याच्या कानाकोपऱ्यांत गंजरोधक थर बसतो. वीज आहे, बहुवारिक आहे आणि थरही आहे. मग हे इलेक्ट्रोपॉलिमरायझेशन का नाही? कारण हौदातली इपॉक्सी राळ आधीच तयार झालेली असते. तिचे धनभारित कण विजेच्या ओढीने सांगाड्याकडे सरकतात. सांगाड्याजवळ पाण्याचे विघटन होऊन अल्कता वाढते, त्यामुळे कणांचा भार नाहीसा होतो आणि ते पत्र्यावर साचतात. साखळ्यांमधले नवे बंध त्यानंतर भट्टीत उष्णतेने जुळतात. इथे विजेने माल जागेवर पोहोचवला, घडवला नाही. या क्रियेला विद्युत-निक्षेपण म्हणणे योग्य.

गैरसमज 3: विजेची मदत घेऊन केलेले कोणतेही बहुवारिकीकरण म्हणजे इलेक्ट्रोपॉलिमरायझेशन.

वस्तुस्थिती: ढिलेपणाने हा शब्द तसा वापरला जातो, पण जाणकार फरक पाळतात. काही क्रियांत वीज फक्त ठिणगी पाडते. इलेक्ट्रोडवर एखादा मुक्त मूलक तयार होतो, तो साखळी सुरू करतो आणि पुढच्या शेकडो कड्या विजेशिवाय जोडल्या जातात. त्याला विद्युत-प्रारंभित बहुवारिकीकरण म्हणतात. तिथे कडीमागे इलेक्ट्रॉनचा खर्च नगण्य असतो.

तिसरा प्रकार 2011 मध्ये क्रिस्तॉफ मातियाशेव्स्की यांच्या गटाने दाखवला. त्यात साखळी वाढवणारा तांब्याचा उत्प्रेरक विजेने जागा करतात किंवा झोपवतात. इलेक्ट्रोडचे विभव, म्हणजे व्होल्टेज, बदलले की वाढ थांबते, परत आणले की पुन्हा सुरू होते. इथे वीज नळाच्या तोटीसारखी आहे.

आणखी एक उदाहरण नायलॉनचे. 1965 मध्ये मोन्सॅन्टो कंपनीने मॅन्युएल बायझर यांच्या पद्धतीने ॲक्रिलोनायट्राइलचे दोन-दोन रेणू विजेने जोडून ॲडिपोनायट्राइल बनवायला सुरुवात केली. त्यापासून नायलॉन 6,6 चा कच्चा माल मिळतो. पण विजेने इथे जोड्याच केल्या, साखळी नंतर वेगळ्या क्रियेत झाली. ‘विजेवर बनलेले नायलॉन’ म्हणणे चूक ठरेल. म्हणून शब्द ऐकला की विचारावे, साखळीची प्रत्येक कडी इलेक्ट्रॉन मोजून जोडली गेली का?

गैरसमज 4: ही क्रिया नेहमी धनाग्रावरच होते.

वस्तुस्थिती: पायरोल, ॲनिलिन, थायोफीन ही प्रसिद्ध उदाहरणे धनाग्रावरची आहेत, म्हणून हा समज घट्ट झाला. पण ॲक्रिलोनायट्राइलसारखे रेणू ऋणाग्राकडून इलेक्ट्रॉन घेऊन क्रियाशील होतात. योग्य द्रावक वापरला आणि पाण्याचा अंश कटाक्षाने दूर ठेवला, तर ऋणाग्र असलेल्या धातूवर पॉलिॲक्रिलोनायट्राइलचा अतिशय पातळ आणि पक्का चिकटलेला पापुद्रा बसतो. यात मात्र पहिली कडी धातूला इलेक्ट्रॉनच्या देवाणीतून चिकटते आणि पुढची साखळी बरीचशी स्वतःहून वाढते. मागच्या मुद्द्यातली सीमारेषा इथे पुसट होते, हे मान्य केले पाहिजे.

गैरसमज 5: अशा रीतीने बनलेले बहुवारिक वीज वाहतेच.

वस्तुस्थिती: पद्धतीच्या नावातली वीज आणि पदार्थाचा गुण यांची गल्लत करू नये. पॉलिपायरोल वाहक आहे, म्हणूनच त्याचा थर जाड होऊ शकतो: थरातून इलेक्ट्रॉन पलीकडे जात राहतात आणि वाढीची जागा बाहेरच्या पृष्ठभागावर सरकत राहते. फिनॉल मात्र धनाग्रावर विद्युतरोधक पापुद्रा बनवते. तो पापुद्रा इलेक्ट्रॉनची वाट अडवतो, प्रवाह झपाट्याने उतरतो आणि वाढ आपोआप थांबते. फिनॉलच्या द्रावणात इलेक्ट्रोड ‘मरतो’ अशी तक्रार विद्युतरसायनाचे विद्यार्थी करतात, ती यामुळेच.

पण हा दोष कामाचाही आहे. ऑर्थो-फेनिलीनडायअमाइनचा असाच आपोआप थांबणारा, काही नॅनोमीटर जाडीचा थर ग्लुकोज संवेदकांवर बसवतात. त्यातून हायड्रोजन पेरॉक्साइडचा लहान रेणू आत जाऊ शकतो. रक्तातले यूरिक आम्ल आणि क जीवनसत्त्व यांना मात्र तो बऱ्याच प्रमाणात अडवतो, त्यामुळे साखरेचे माप भरकटत नाही. थर कुठे थांबवायचा हे माणसाला ठरवावे लागत नाही, थर स्वतःच ठरवतो.

गैरसमज 6: व्होल्टेज जितके जास्त, तितका थर चांगला.

वस्तुस्थिती: विभव एका मर्यादेपलीकडे नेले की तयार झालेली साखळीच बिघडते. तिच्यावर पाण्याचे किंवा द्रावकाचे रेणू हल्ला करतात, एकाआड एक दुहेरी बंधांची सलग रचना तुटते आणि वाहकता जाते. याला अति-ऑक्सिडीकरण म्हणतात.

थायोफीनच्या बाबतीत हा पेच फार बोलका आहे. नेहमीच्या द्रावकात थायोफीनपासून साखळी सुरू करायला संतृप्त कॅलोमेल इलेक्ट्रोडच्या तुलनेत 1.6 व्होल्टपेक्षा जास्त विभव लागते. तयार झालेले पॉलिथायोफीन मात्र 1.4 व्होल्टच्या पुढेच खराब होऊ लागते. म्हणजे जे विभव जन्म देते तेच नाशही करते. यावर दोन उपाय निघाले. एक म्हणजे आधीच जोडलेल्या दोन कड्यांच्या रेणूपासून, बायथायोफीनपासून, सुरुवात करणे. त्याला सुमारे 1.3 व्होल्ट पुरतात. दुसरा म्हणजे द्रावक बदलणे. 1995 मध्ये चिनी संशोधकांनी बोरॉन ट्रायफ्लुओराइड आणि ईथर यांच्या संयुगात थायोफीनचे ऑक्सिडीकरण कमी विभवावर घडवले आणि मिळालेला पापुद्रा ताण सोसण्यात ॲल्युमिनियमपेक्षा सरस ठरला.

म्हणून ‘1.2 व्होल्टला केले’ एवढेच लिहिलेले वाक्य अपुरे असते. कोणत्या संदर्भ इलेक्ट्रोडच्या तुलनेत, हे सांगितल्याशिवाय त्या आकड्याला अर्थ नाही. गंभीर कामात साधी बॅटरी आणि दोन पट्ट्या यांच्याऐवजी तीन इलेक्ट्रोडची मांडणी वापरतात, ती यासाठीच.

गैरसमज 7: हा शोध नोबेलविजेत्यांचा, आणि तो अजून प्रयोगशाळेतच आहे.

वस्तुस्थिती: वाहक बहुवारिकांसाठी 2000 सालचे रसायनशास्त्राचे नोबेल ॲलन हीगर, ॲलन मॅकडायर्मिड आणि हिदेकी शिराकावा यांना मिळाले. पण 1977 मधले त्यांचे पॉलिॲसिटिलीन विजेने बनवलेले नव्हते. ते उत्प्रेरकाने बनवून नंतर आयोडीनसारख्या हॅलोजनच्या वाफेत धरले होते.

विजेने बहुवारिक बनवण्याची गोष्ट 1862 पर्यंत मागे जाते. लंडन हॉस्पिटलच्या महाविद्यालयात शिकवणारे हेन्री लेथबी यांनी ॲनिलिन सल्फेटच्या आम्लधर्मी द्रावणातून प्रवाह सोडला. प्लॅटिनमच्या धन टोकावर निळसर-हिरवा थर बसला. आज त्याला आपण पॉलिॲनिलिन म्हणतो. लेथबींना ते बहुवारिक आहे हे कळण्याचा मार्गच नव्हता, कारण महारेणूंची कल्पना हर्मान स्टाउडिंगर यांनी 1920 मध्ये मांडली. ‘ॲनिलिन’ हे नाव निळीवरून आले आहे. संस्कृत नीली अरबीतून पोर्तुगीज ‘अनिल’पर्यंत गेली आणि 1840 च्या सुमारास फ्रिट्झशे यांनी निळीपासून मिळवलेल्या द्रवाला तेच नाव चिकटले. आपल्या ओळखीचा शब्द असा या शास्त्राच्या पायाशी आहे.

पुढे 1968 मध्ये इटलीतल्या पार्मा विद्यापीठात दाल्लोलिओ आणि सहकाऱ्यांनी ‘पायरोल ब्लॅक’ नावाची वाहक काळी भुकटी धनाग्रावर मिळवली. 1979 मध्ये कॅलिफोर्नियात सॅन होजेच्या आयबीएम प्रयोगशाळेतून डियाझ, कानाझावा आणि पार्माचेच गार्दिनी यांनी सोलून हातात धरता येईल असा पॉलिपायरोलचा सलग पापुद्रा दाखवला. त्यानंतर या तंत्राने वेग घेतला.

उपयोगही पात्रापुरते राहिलेले नाहीत. 1986 मध्ये वाढत्या पॉलिपायरोलच्या थरात ग्लुकोज ऑक्सिडेज हे विकर अडकवून संवेदक बनवण्यात आले. मेंदूत बसवायच्या सूक्ष्म इलेक्ट्रोडवर पेडॉट या बहुवारिकाचा थर विजेने चढवला, तर विद्युत अडथळा कमी होतो आणि चेतापेशींचे क्षीण संकेत अधिक स्पष्ट मिळतात. घन कपॅसिटरमध्ये पॉलिपायरोलचा थर असाच वाढवतात. तिथली एक बारकाई पाहण्यासारखी आहे: कपॅसिटरमधला धातूचा ऑक्साइड विद्युतरोधक असल्याने त्यावर क्रिया थेट सुरू होत नाही. आधी रासायनिक पद्धतीने पातळ वाहक थर देतात आणि मग त्यावर विजेने मुख्य थर वाढवतात.

या तंत्राची मर्यादाही तितकीच खरी आहे. थर इलेक्ट्रोडच्या पृष्ठभागाएवढाच मिळतो. क्विंटलांनी पॉलिॲनिलिन हवे असेल तर अमोनियम परसल्फेटसारखे ऑक्सिडीकारक वापरतात. तिथे इलेक्ट्रॉन रसायन काढून घेते, इथे तारेतून जातो. हिशेब तोच, वसुली करणारा वेगळा.

म्हणून हा शब्द वाचताना किंवा लिहिताना मी तीन प्रश्न स्वतःला विचारतो. इलेक्ट्रॉन कोणी दिला किंवा गमावला? त्या देवाणघेवाणीतून नवा बंध जुळला का? आणि साखळी कडीगणिक अशीच वाढली का? तिन्हींना उत्तर मिळाले तर तो शब्द निःशंक वापरावा. नाही मिळाले, तर मुलामा, विद्युत-निक्षेपण किंवा विद्युत-प्रारंभित बहुवारिकीकरण यांपैकी जे घडले असेल त्याचे नाव घ्यावे. नाव अचूक असले की त्या काळ्या थरात नेमके काय घडले, हे पुढच्या वाचणाऱ्याला पुन्हा शोधत बसावे लागत नाही.